बागेत फर्नने उच्छाद मांडलाय, मुळासकट कसा काढायचा? (सोलापूर)

अंगणातली_माती (जुळे सोलापूर)

नमस्कार सगळ्यांना. आमच्या घराच्या मागच्या बाजूला आधीच्या मालकांनी चिकूच्या झाडाखाली फर्न लावलेला होता, आम्ही राहायला आलो तेव्हा तो एका कोपऱ्यातच होता पण आता चिकूखालून निघून मोगऱ्याच्या वाफ्यात, कढीपत्त्याच्या बुंध्याशी, फरशीच्या फटीत, जिथं बघावं तिथं उगवतोय. सासूबाईंचा जुना मोगरा आहे, तो पार गुदमरून गेलाय, मागच्या उन्हाळ्यात फुलंच धरली नाहीत. माळ्याकडून वरून कापून घेतला, नंतर उपटूनही घेतला, महिनाभरात परत तसाच उभा. उपटताना खाली बारीक चिवट धागे निघतात आणि त्या धाग्यांना बोराएवढ्या गोल गाठी असतात, त्यातल्या निम्म्या मातीतच राहतात.

दुसरं म्हणजे हौदाच्या बाहेरच्या भिंतीवर एक वेगळाच फर्न आलाय, पान हातभर लांब आणि दोन्ही बाजूंनी कंगव्यासारख्या अरुंद पात्या. तिथलं प्लास्टर फुगायला लागलंय.

आणि तिसरं, माहेरी बार्शी तालुक्यात शेतात जुनी दगडी विहीर आहे, तिच्या आतल्या बाजूला काळ्या चकचकीत दांडीचा नाजूक फर्न आहे, भाऊ म्हणतोय विहिरीचा गाळ काढायचाच आहे तर तोही खरवडून टाकू. त्याने विहिरीच्या बांधकामाला खरंच धोका असतो का?

इथं कुणी सांगतं मीठ टाका, कुणी म्हणतं चुना फासा, कुणी म्हणतं सरळ तणनाशक मारा. घरात लहान मुलगा आहे, दिवसभर मातीत खेळतो, कढीपत्ता रोज भाजीत पडतो, त्यामुळं औषधाची भीती वाटते. नेटवर बघितलं तर सगळं परदेशातल्या डोंगरावरच्या फर्नबद्दल आहे, वर्षातून दोनदा कापा आणि असं काही वर्षं करत राहा वगैरे. आपल्या सोलापूरसारख्या कोरड्या गावात हे झाड इतकं कसं माजतं हेच मला कळत नाहीये. कुणी प्रत्यक्ष घालवला असेल तर नीट सांगा प्लीज.

---

डाळिंब_मोहोळ

ताई त्या गाठी म्हंजे सूत्रकृमी, मुळांत शिरणारे बारीक किडे, असणार बघा. आमच्या डाळिंबाच्या मुळ्यांवर अशाच गाठी येत्यात, झाड पिवळं पडतं, वाढ थांबती. मोगऱ्याला फुलं न्हाईत म्हणता तर तेच असंल. झेंडू लावा कडंनं आणि निंबोळी पेंड टाका, फर्नचं नंतर बघा.

---

गच्चीवरची_बाग (विजापूर रोड)

दादा, डाळिंबाच्या बाबतीत तुम्ही सांगताय ते बरोबर आहे पण ताईंच्याकडं आहे ते सूत्रकृमी नाही. ओळखायची खूण सांगते. सूत्रकृमीची गाठ म्हणजे मूळच सुजलेलं असतं, ती मुळापासून वेगळी तोडता येत नाही, तोडली तर मूळच तुटतं. फर्नची गाठ धाग्याला बाजूला लटकलेली असते, बोटाने अलगद सुटून हातात येते, वरून तपकिरी बारीक खवले असतात आणि नखाने फोडली की आत पाणीच पाणी. ताई एक फोडून बघा, लगेच कळेल.

तुमचा बागेतला फर्न म्हणजे नेफ्रोलेपिस, नर्सरीत स्वोर्ड फर्न म्हणून देतात. त्यातल्याच बोस्टन फर्नला अशा गाठी येत नाहीत, तुमच्या जातीला म्हणजे कॉर्डिफोलियाला येतात, म्हणून हा घालवायला जास्त चिवट. अमेरिकेत फ्लोरिडामध्ये हाच फर्न बागांमधून निघून जंगलात घुसला आणि तिथं तो उपद्रवी झाडांच्या यादीत आहे, तिथं तर हवा दमट, तिथं का पसरला ते समजतं.

आता तुमचा जो मुख्य प्रश्न आहे की सोलापुरात कसा माजतो, त्यातच सगळं उत्तर आहे असं मला वाटतं. फर्नला फूल नाही, बी नाही. पानाच्या पाठीमागं तपकिरी ठिपक्यांच्या दोन रांगा दिसतील, त्यात भुकटीसारखे बीजाणू असतात, ते वाऱ्यावर उडतात, गावभर उडतात म्हणा ना, पण नुसते पडून काही होत नाही. ओल्या जागी पडले तर त्यातून आधी नखापेक्षाही लहान हिरवी पापडी तयार होते, आणि त्या पापडीवर पाण्याचा पातळ थर असेल तरच नराची पेशी पोहत मादीपर्यंत जाते आणि मग खरा फर्न उगवतो. म्हणजे जन्माला यायलाच याला सतत ओल लागते. आपल्याकडं मे महिन्यात पारा ४३-४४ ला जातो, अशा गावात फर्न जिवंत आहे याचा अर्थ तिथं बाराही महिने कुठून तरी पाणी मुरतंय. ते पाणी शोधल्याशिवाय तुम्ही कितीही खणलं तरी उपयोग नाही. माळी येईल, पैसे घेईल, वरचं कापून जाईल, आणि खालच्या गाठींत पाण्याचा साठा असतोच, त्या परत फुटतील.

म्हणून आधी बघा: हौदाचा ओव्हरफ्लो पाइप कुठं सोडलाय? कूलरचं पाणी कुठं जातं? मोरीचं, वॉशिंग मशीनचं पाणी चिकूच्या आळ्यात सोडलंय का? आपल्याकडं नळाला रोज पाणी येत नाही म्हणून प्रत्येक घरात हौद आहे, आणि पाणी आलं की हौद भरून वाहेपर्यंत कुणाचं लक्ष नसतं, माझ्या ओळखीतल्या बहुतेक घरी फर्नचं मूळ तिथंच सापडलंय. उन्हाळ्यात पाण्यासाठी आपण एवढी ओढाताण करतो आणि तेच पाणी जमिनीखाली फर्नला जातंय, याचं मला खरंच फार वाईट वाटतं.

---

राम_राम_पाव्हणं

एवढं कशाला हो? ग्लायफोसेट तणनाशक आणा, पंपात टाका, मारा. आठ-पंधरा दिवसांत वाळून जाईल सगळं. आम्ही बांधावर तेच करतो.

---

कृषी_डिप्लोमा_पंढरपूर

वरच्या दादांना नम्रपणे सांगतो, घरच्या बागेत हे करू नका. मी कृषी सेवा केंद्रात काम केलेलं आहे, रोज लोक येऊन हेच मागायचे.

पहिली गोष्ट, केंद्र सरकारने २०२२ मध्येच आदेश काढला की ग्लायफोसेटचा वापर पेस्ट कंट्रोल ऑपरेटरमार्फतच करायचा, म्हणजे स्वतः पंप घेऊन परसबागेत मारायची वस्तू ती नाही. दुसरी गोष्ट, ते निवडक नाही, म्हणजे तण आणि मोगरा असा भेद ते करत नाही, हिरव्या पानावर पडलं की आत जातं आणि मुळापर्यंत उतरतं. मोगऱ्याच्या झुडपात घुसलेल्या फर्नवर फवारलं तर आधी मोगराच जाणार. आणि तिसरी गोष्ट, नेफ्रोलेपिस एका फवारणीत संपत नाही, गाठीतून परत फुटतो, मग परत मारा, परत मारा.

२,४-डी या दुसऱ्या तणनाशकाचं पण कुणी सुचवेल म्हणून आधीच सांगतो, ते रुंद पानाच्या तणांसाठी आहे, फर्नवर त्याचा भरवसा नाही. आणि त्याचा वारा द्राक्षाला लागला तर काय होतं हे आपल्या भागातल्या बागायतदारांना सांगायला नको, पानं वाकडी-चिंचोळी होतात आणि हंगाम हातचा जातो. आजूबाजूला कुणाचा मांडव असेल तर विचारसुद्धा करू नका.

सगळ्यात कळकळीने सांगायचं ते पॅराक्वाट या तणनाशकाबद्दल. ते लवकर जाळतं म्हणून लोकांना आवडतं, पण ते फक्त वरचा पाला जाळतं, खालचा गड्डा तसाच राहतो. आणि ते पोटात गेलं तर त्याला उतारा नाही, डॉक्टरांकडंही नाही. लहान मूल असलेल्या घरात ती बाटली आणूच नका, कोल्ड्रिंकच्या बाटलीत थोडंसं काढून आणणं तर अजिबात नको. मी हे कुणाला घाबरवायला लिहीत नाहीये, खेड्यात हे घडतं म्हणून लिहितोय.

मिठाचं म्हणाल तर आपली काळी माती आधीच निचऱ्याला वाईट, बऱ्याच ठिकाणी बोअरचं पाणी क्षाराचं, त्यात वरून मीठ टाकलं तर फर्न मरेल न मरेल पण मोगरा आणि कढीपत्ता नक्की बसतील आणि ती माती सुधारायला वर्षं जातील. व्हिनेगरने पानं करपतात, बाकी काही नाही. फरशीच्या फटीत मात्र उकळतं पाणी ओता, तिथं ते चांगलं चालतं, एकदा ओतून थांबू नका, हिरवं दिसलं की परत. मुलगा झोपलेला असताना करा एवढंच.

---

गच्चीवरची_बाग (विजापूर रोड)

धन्यवाद दादा, हे फार गरजेचं होतं. आता मी खणण्याचं सांगते.

जानेवारीतली गड्डा यात्रा होऊन गेली, ऊन चढायला लागलंय, म्हणजे वेळ अगदी बरोबर आहे. मोगऱ्याची छाटणी पण आताच करायची असते. पाणी बंद केल्यावर माती वाफशावर येऊ द्या. आपली काळी माती ओली असताना खणली तर चिखलाचे गोळे होतात आणि गाठी त्यात लपतात, पूर्ण वाळली तर दगड होते आणि धागे तुटून आत राहतात. वाफसा असताना भुसभुशीत निघते तेव्हाच हात घाला.

आधी पाला कापायचा, आणि तो सकाळी लवकर कापा, पानावर थोडी ओल असताना. पानामागची बीजाणूंची पिशवी वाळली की फटकन उलटते आणि बीजाणू लांब फेकते, तिची रचनाच तशी आहे, भर दुपारी कापलात तर स्वतःच सगळीकडं पेरणी केल्यासारखं होईल. कापलेलं लगेच पोत्यात भरून तोंड बांधायचं, ओढत अंगणभर न्यायचं नाही.

मग खुरप्याने आणि हाताने खणायचं. कुदळ नको, कारण चिकूची मुळं फार वरवर असतात, कुदळीने ती तुटतील आणि फर्नचे धागेही तुटतील. वीतभर खोल गेलं की बहुतेक सगळं हाती लागतं. एका कडेपासून सुरुवात करा आणि धागा धरून त्याच्या मागं मागं जा, ओढू नका. निघालेली माती गवंड्याच्या वाळूच्या चाळणीतून चाळून घ्या. हे काम कंटाळवाणं आहे, पण गाठी वेचायला यापेक्षा चांगला उपाय मला माहीत नाही. मजूर लावणार असाल तर शेजारी स्वतः बसा, कारण त्यांना "खणून दे" सांगितलं तर ते माती उलटीपालटी करून देतात आणि त्याने एकाचे दहा होतात.

मोगरा छाटून मुळांच्या गोळ्यासकट बाहेर काढा, बादलीत माती धुऊन घ्या, मुळांत गुंतलेले फर्नचे धागे सोडवा, आणि कुंडीत नव्या मातीत लावून ठेवा. थोडे दिवस सावलीत ठेवा म्हणजे धरेल. वाफा साफ झाला याची खात्री पावसाळ्यानंतर झाली की मगच परत जमिनीत.

---

बांधकाम_मिस्त्री_शेळगी

हौदाबद्दल मी सांगतो, आमचं कामच ते आहे.

भिंतीवरचा फर्न भिंत फोडत नाही, पिंपळ-वड फोडतो. फर्न फक्त दाखवून देतो की इथून पाणी येतंय. प्लास्टर फुगलंय ते पाण्यामुळं, फर्न त्यानंतर आलेला आहे. पण त्याची मुळं फटीत बसून ओल धरून ठेवतात, म्हणून काढायचा तर आहेच.

आधी तपासून घ्या गळती आहे का. पाणी आलं, हौद भरला, की आतल्या भिंतीवर पातळीला खूण करा, झाकण लावा, त्यातलं पाणी न वापरता दुसऱ्या दिवशी बघा. खूण उघडी पडली असेल तर हौद गळतोय. खूण जागेवर असेल तर मग ओव्हरफ्लो किंवा पाइपच्या जॉइंटला बघायचं, बऱ्याच वेळा पाइप जिथं भिंतीतून बाहेर येतो तिथंच झिरपतं.

गळत असेल तर आतून वॉटरप्रूफिंग करून घ्या. लोक बाहेरून सिमेंट थापतात, तो खर्च वाया, पाणी आतून येतंय तर ते दुसरीकडून बाहेर पडणार. आतून झाल्यावर बाहेर फर्न छिन्नीने मुळासकट काढा, फुगलेलं सगळं प्लास्टर ठोकून पाडा, तारेच्या ब्रशने फटी साफ करा, भिंत पूर्ण वाळू द्या, घाई करू नका, आणि मग दरजा, म्हणजे दगडांमधल्या सांध्यांच्या फटी, भरून नवीन प्लास्टर. तुमचा हौद जुना दगड-चुन्याचा असेल तर बाहेरून चुन्याचाच माल वापरा, सिमेंटने ओल आत कोंडते आणि दगड सुटायला लागतो.

आणि चुना फासून फर्न मरतो हे चुकीचं आहे, आम्ही जुन्या वाड्यांची कामं करतो तेव्हा हाच लांब पानाचा फर्न चुन्याच्या दरजांतच सगळ्यात जास्त दिसतो.

---

बॉटनी_शिकवतो (अक्कलकोट रोड)

मिस्त्रींनी डोळ्यांनी बघून जे सांगितलं ते शास्त्रालाही धरून आहे. हौदावरचा जो फर्न आहे तो टेरिस व्हिटाटा असणार, त्याला कॅल्शियमवाली जागा आवडते, म्हणून जुन्या विटा, चुन्याच्या भिंती, पुलाचे दगड अशा ठिकाणी येतो. खात्री करायची असेल तर पानाच्या पातीची कड खालून बघा, याचे बीजाणू ठिपक्यांत नसतात, कडेने सलग तपकिरी रेघ असते.

या फर्नची एक गोष्ट मी मुलांना दरवर्षी आवर्जून सांगतो. २००१ मध्ये फ्लोरिडाच्या शास्त्रज्ञांनी नेचर मध्ये प्रसिद्ध केलं की हा फर्न जमिनीतलं आर्सेनिक, म्हणजे आपला सोमल, शोषून पानांत साठवतो. लाकूड टिकवण्याच्या औषधाने खराब झालेल्या जमिनीवर तो नुसता जगत नव्हता, चांगला वाढत होता. दूषित माती स्वच्छ करायला याचा वापर करतात. तुमच्या हौदात आर्सेनिक आहे असा याचा अर्थ अजिबात नाही, मातीत असेल तरच तो घेणार, त्यामुळं घाबरू नका. पण याचा पाला शेळीला घालू नये आणि भाजीच्या खतातही टाकू नये, एवढं पथ्य पाळावं.

नेटवर तुम्हाला जे सापडलं ते ब्रॅकन नावाच्या फर्नबद्दल आहे. इंग्लंड-स्कॉटलंडच्या कुरणांवर तो एकरच्या एकर पसरतो, जनावरांना विषारी आहे, त्याचं जाड मूळ जमिनीत खोल असतं, म्हणून दरवर्षी दोनदा कापून त्या मुळाची ताकद संपवतात. आपल्या सोलापूरच्या अंगणाशी त्याचा संबंध नाही, ती पद्धत इथं वापरून नेफ्रोलेपिस जाणार नाही, कारण इथला खेळ त्या धाग्यांचा आणि गाठींचा आहे.

आता विहिरीचं. ताई, तुमच्या भावाला माझी हात जोडून विनंती आहे, तो फर्न राहू द्या. काळ्या चकचकीत दांडीचा, नाजूक पानांचा म्हणजे हंसराज. त्याची मुळं बारीक आणि वरवरची असतात, दगडी विहिरीला त्याच्यापासून काही होत नाही. विहिरीच्या बांधकामात उंबर, पिंपळ, वड यांचं रोप दिसलं तर मात्र तेव्हाच काढा, तेच पुढं दगड ढकलतात. आपल्या जिल्ह्यात नैसर्गिक ओलावा कुठं उरलाय? जुन्या विहिरी, आड, बारव एवढीच या झाडांची घरं आहेत, आणि बोअर आल्यापासून तीही बुजवली जातायत. बागेत माणसाने आणून लावलेला आणि गळक्या पाण्यावर माजलेला फर्न काढणं वेगळं आणि पिढ्यान्पिढ्या विहिरीत आपोआप राहिलेला हंसराज खरवडणं वेगळं. गाळ जरूर काढा, भिंत सोडा.

तसंच माळावर खडकाच्या फटीत तळहाताएवढी पंख्याच्या पानांची मयूरशिखा दिसते, तीही फर्नच, उन्हाळ्यात गुंडाळून सुकते आणि पहिल्या पावसाला परत उघडते. ती कुणाच्या बागेत घुसत नाही. फर्न दिसला की काढ असं मनात बसू नये म्हणून एवढं लिहिलं.

---

अंगणातली_माती (जुळे सोलापूर)

सगळ्यांचे मनापासून आभार, खरंच इतकं कुणी सांगितलं नव्हतं. गाठ फोडून बघितली, आत पाणीच आहे. हौदाच्या मागं जाऊन बघितलं तर ओव्हरफ्लोचा पाइप बाहेर न काढता फरशीखालीच सोडलेला आहे आणि उतार चिकूकडंच आहे! म्हणजे पाणी येईल त्या दिवशी सगळं तिकडं मुरत असणार. भावाला फोन करून विहिरीचं सांगितलं, तो तयार झालाय, भिंतीला हात लावणार नाही म्हणाला.

अजून थोडं विचारायचंय. काढलेल्या गाठी आणि पाला कुठं टाकू? शेजारच्या मोकळ्या प्लॉटवर टाकायला माळी सांगतोय. चाळलेली माती परत वापरता येईल का? आणि पांढरं प्लास्टिक अंथरून उन्हात माती तापवतात असं ऐकलंय, ते करू का?

---

गच्चीवरची_बाग (विजापूर रोड)

मोकळ्या प्लॉटवर अजिबात नको, पावसाळ्यात तिथं धरला तर वाऱ्याने परत तुमच्याकडंच. गाठी आणि धागे गच्चीच्या स्लॅबवर पत्र्यावर पसरा. पाला दोन दिवसांत कुरकुरीत होतो पण गाठीत पाणी असल्यामुळं त्या लवकर मरत नाहीत, वरून सुकलेल्या दिसल्या तरी आत जीव असतो. पूर्ण चिपाड होऊन फोडल्यावर आत कोरड्या निघेपर्यंत राहू द्या, एप्रिलचं ऊन मिळालं की होतं. मग घंटागाडीत द्या. कच्च्या असताना खताच्या खड्ड्यात टाकू नका, ओल मिळाली की तिथंच फुटतील.

प्लास्टिकची पद्धत चांगली आहे पण ती उन्हातल्या जागेला. मोगऱ्याच्या वाफ्यावर ऊन येतं का? येत असेल तर माती सपाट करून एकदा पाणी द्या, वर पारदर्शक पातळ प्लास्टिक ताणून अंथरा, कडा मातीत पुरून हवाबंद करा आणि एप्रिल-मे मध्ये चार ते सहा आठवडे तसंच ठेवा. पांढरं दुधी नको, काळं पण नको, पारदर्शकच. चिकूखाली सावली आहे, तिथं याचा काही उपयोग होणार नाही आणि चिकूच्या मुळांनाही ते बरं नाही. तिथं खणून झाल्यावर जाड पुठ्ठे अंथरा आणि वर उसाचं पाचट टाका, आपल्याकडं पाचटाला काय कमी आहे. चिकूच्या बुंध्याला चिकटवू नका, हातभर जागा सोडा.

चाळलेली माती पण तशीच उन्हात तापवून घ्या आणि मग वापरा.

आणि जून-जुलै विसरू नका. राहिलेली प्रत्येक गाठ तेव्हाच डोकं वर काढणार. आठवड्याला एक चक्कर मारायची, कोवळा कोंब दिसला की खुरपं घालून गाठीसकट काढायचा, चार पानं होऊ द्यायची नाहीत. मोठी माणसं घरात असतील तर सासूबाईंना सांगा, त्यांचा मोगरा आहे म्हणताय म्हणजे त्यांच्या नजरेतून एकही सुटणार नाही.

---

डाळिंब_मोहोळ

मॅडम ती गाठीची खूण चांगली सांगितली, मला पण म्हाईत नव्हतं. माझा पण एक प्रश्न हाय, जनावरांसाठी अझोला केला होता, तो बादलीबरोबर शेततळ्यात गेला आन् आता सगळं तळं झाकून टाकलंय, ठिबकच्या फिल्टरात अडकतोय. तो पण फर्नच असतो म्हणं. औषध टाकावं का?

---

बॉटनी_शिकवतो (अक्कलकोट रोड)

हो दादा, अझोला हा पाण्यावरचा फर्नच. औषध काही टाकू नका, तेच पाणी डाळिंबाला जाणार आहे. दोघांनी दोन काठांवर दोर धरून, दोराला शेडनेट बांधून एका कोपऱ्यात ओढून आणा आणि पाटीने काढा. काही दिवसांतच दुप्पट होतो, म्हणून एकदा काढून सोडलं तर परत भरेल, लागोपाठ काढावं लागतं. त्याच्या पानात नत्र धरणारे निळे-हिरवे शेवाळ राहतात, त्यामुळं काढलेला अझोला डाळिंबाच्या आळ्यात खत म्हणून उत्तम. कडक ऊन त्याला सोसत नाही, लोक म्हणूनच शेडनेटखाली करतात, तर एप्रिलपासून तो आपोआप कमी होईल, तेव्हाच उरलेला पूर्ण काढून घ्या. पाइपाच्या तोंडाला जाळी बांधा तोपर्यंत.

---

बांधकाम_मिस्त्री_शेळगी

ताई, ओव्हरफ्लो फरशीखाली सोडलाय म्हणालात, तर नुसता पाइप फिरवून थांबू नका. आत फ्लोट व्हॉल्व्ह बसवून घ्या म्हणजे हौद भरला की पाणी आपोआप बंद होतं, ओव्हरफ्लो व्हायची वेळच येत नाही. पितळेचा घ्या, प्लास्टिकचा आपल्या क्षाराच्या पाण्यात लवकर अडकतो. आणि चिकूकडच्या तीन-चार फरश्या उचलून खालची माती बघा, चिखल असेल तर ती काढून मुरूम भरा, नाहीतर वरून कोरडं दिसेल आणि खाली ओल तशीच राहील.

---

अंगणातली_माती (जुळे सोलापूर)

मिस्त्री, फरश्या उचलल्या. खाली खरंच चिखल आहे आणि फर्नचे धागे फरशीखालून पार कंपाउंडपर्यंत गेलेत, वरून काहीच दिसत नव्हतं. प्लंबरला व्हॉल्व्हसाठी सांगितलंय, पुढचं पाणी यायच्या आत बसवतो म्हणाला. मोगरा उद्या सकाळी काढतेय, सासूबाई कुंडी आणि नवी माती आजच तयार ठेवून बसल्यात.